क्लच हातात कसा बसतो: बेळगाव भागात मोटारसायकल शिकणाऱ्यांसाठी

नवशिक्याची गाडी बंद पडते, झटका देऊन उडी मारते किंवा चढावर मागे सरकते. तिन्ही दुखण्यांचं मूळ एकच आहे: क्लच नेमका कुठे पकडतो हे डाव्या हाताला अजून समजलेलं नसतं. शिकवणारा "हळू सोड, हळू सोड" म्हणत मागे धावतो. तो कानडी असेल तर "निधान बिडू" म्हणतो. सल्ला खरा आहे, पण अपुरा. लिव्हरचा सगळा प्रवास हळू करायची गरज नसते. सुरुवातीचा भाग पटकन सोडला तरी काही बिघडत नाही आणि शेवटचा भाग सोडल्यानेही गाडी बंद पडत नाही. हात सावकाश व्हायला हवा तो मधल्या जेमतेम सेंटिमीटरभराच्या टप्प्यात, आणि तिथे एक-दोन सेकंद थांबायला हवा. शिकायचं आहे ते हे थांबणं.

आत काय घडतं ते एकदा समजून घेतलं तर हाताला कारण कळतं. आपल्याकडच्या बहुतेक मोटारसायकलींत क्लच इंजिन ऑइलमध्ये बुडालेला असतो. त्यात प्लेटांची चळत असते: एक घर्षणाची, एक लोखंडी, पुन्हा एक घर्षणाची. घर्षणाच्या प्लेटा इंजिनाबरोबर फिरतात, लोखंडी प्लेटा गिअरबॉक्सबरोबर. स्प्रिंगा ही चळत घट्ट दाबून ठेवतात, म्हणून इंजिनाची ताकद चाकापर्यंत जाते. लिव्हर दाबली की स्प्रिंगांचा दाब निघतो, प्लेटा सुट्या होतात आणि इंजिन फिरत असलं तरी चाक उभं राहू शकतं. अर्धवट सोडली की प्लेटा एकमेकींवर घासत थोडी ताकद पुढे देतात. हाच हाफ क्लच. इंजिन मिनिटाला हजारो फेरे घेतंय आणि चाक जागचं हललेलं नाही. या दोघांची गाठ याच घासण्यातून पडते. लिव्हर एकदम सोडली तर घासायला वेळच मिळत नाही. मग एक तर चाक इंजिनाला थांबवतं, म्हणजे गाडी बंद पडते, नाहीतर इंजिन चाकाला उडवतं, म्हणजे झटका बसतो.

स्कूटरवरून मोटारसायकलवर येणाऱ्यांनी आधी हे वाचा

हल्ली बऱ्याच जणांचा हात आधी स्कूटरवर बसलेला असतो. स्कूटरची डावी लिव्हर म्हणजे मागचा ब्रेक. मोटारसायकलवर त्याच जागी क्लच असतो आणि मागचा ब्रेक उजव्या पायाखाली जातो. समोर अचानक म्हैस आली की स्कूटरची सवय असलेली बोटं डावी लिव्हर आवळतात. मोटारसायकलवर तेवढंच केलं तर गाडी थांबत नाही, उलट इंजिनाचा रोध सुटल्याने मोकळी पुढे घरंगळते. म्हणून गाडी चालू करण्याआधी, इंजिन बंद ठेवून आणि गाडीवर बसून ही जुळणी पाठ करा: उजवा हात पुढचा ब्रेक, उजवा पाय मागचा ब्रेक, डावा हात क्लच. "थांब" असं मोठ्याने म्हणायचं आणि तिन्ही एकत्र दाबायचे. असं वीस-पंचवीस वेळा. हे बालिश वाटेल, पण पहिल्या आठवड्यातल्या पडझडीपासून वाचवणारा याहून चांगला सराव नाही.

गिअरचा पाय कसा चालतो तेही त्याच वेळी बघून घ्या. स्प्लेंडरमध्ये सगळे गिअर पुढच्या टोकाने खाली दाबून पडतात. पल्सर किंवा युनिकॉर्नमध्ये पहिला खाली आणि बाकीचे वर. भावाच्या गाडीवर शिकून वडिलांच्या गाडीवर बसताना इथेच घोळ होतो: पहिला टाकला असं वाटतं, असतो तिसरा, आणि मग क्लच कितीही बेताने सोडला तरी गाडी बंद पडते.

जागा आणि गाडीची तयारी

जागा सपाट, कोरडी आणि घट्ट हवी. साठ-सत्तर मीटर लांबी पुरते. गावाबाहेरचं मैदान किंवा सुगी संपल्यावरचं घट्ट खळं चालेल. खानापूर, जांबोटीकडची तांबडी माती पावसात साबणासारखी होते. तिथे पहिले धडे घेऊ नका. बेळगावात टिळकवाडीच्या व्हॅक्सिन डेपोसारख्या ठिकाणी सकाळी फिरायला येणाऱ्यांची वर्दळ असते, तीही जागा यासाठी नव्हे. हेल्मेट, पाय झाकणारे बूट आणि शिकाऊ लायसन्स हवंच. गिअरच्या गाडीसाठी वय १८ पूर्ण लागतं, नंबरप्लेटजवळ पांढऱ्यावर लाल "एल" लागतो, आणि मागे बसलाच तर लायसन्स असलेला शिकवणाराच बसावा.

आता लिव्हर तपासा. तिच्या टोकाला साधारण १० ते २० मिलिमीटर ढिलाई असावी, म्हणजे एवढं अंतर ती जोर न लागता हलते आणि मग वायर ताणली जाते. नेमका आकडा गाडीच्या पुस्तिकेत असतो. ढिलाई अजिबात नसेल तर हात पूर्ण सोडूनही क्लच किंचित दाबलेलाच राहतो आणि प्लेटा जळतात. ढिलाई फार असेल तर लिव्हर पूर्ण दाबूनही क्लच नीट सुटत नाही; गिअर कटकट आवाज करून पडतो, न्यूट्रल सापडत नाही आणि पहिल्या गिअरमध्ये गाडी पुढे ओढत राहते. शिकणाऱ्याला वाटतं आपलंच चुकतंय. अनेकदा दोष वायरचा असतो. लिव्हरजवळ हाताने फिरणारा ॲडजस्टर असतो: आधी त्याची लॉक रिंग सैल करा, ॲडजस्टर बाहेर फिरवला की ढिलाई कमी होते, आत फिरवला की वाढते, मग रिंग परत आवळा. एवढ्याने भागलं नाही तर वायरच्या खालच्या टोकाला, इंजिनाजवळ, दुसरा ॲडजस्टर असतो. तिथले नट पान्याने फिरवावे लागतात. पहिल्या वेळी मेस्त्रीकडून करून घ्या आणि बघून ठेवा.

लिव्हरचा कोनही महत्त्वाचा. गाडीवर बसून हात पुढे केला की कोपरापासून बोटांपर्यंत सरळ रेषा आली पाहिजे. मनगट वर मोडत असेल तर क्लॅम्प सैल करून लिव्हर थोडी खाली फिरवा. सुरुवातीला चारही बोटांनी लिव्हर दाबा. दोन बोटांचा क्लच नंतरचा. हात लहान असेल तर लिव्हर तळहाताशी नव्हे, बोटांच्या मधल्या पेरांशी यावी. तळहाताने ओढणाऱ्याला सोडताना ताबा राहत नाही.

इंजिन बंद ठेवून पहिला धडा

हा धडा बहुतेक जण टाळतात, आणि खरं तर सगळ्यात जास्त शिकवणारा हाच आहे. इंजिन बंद. गाडीवर बसा, दोन्ही पाय जमिनीवर. लिव्हर पूर्ण दाबून पहिला गिअर टाका. इंजिन बंद असताना गिअर अडला तर गाडी हातभर मागेपुढे हलवा, पडतो. आता क्लच दाबलेलाच ठेवून पायांनी गाडी पुढेमागे ढकला. ती मोकळी चालेल. ढकलत असतानाच लिव्हर केसाकेसाने सोडा. एका ठिकाणी गाडी जड होईल, आणखी थोडं सोडलं की जागच्या जागी अडकेल. जड झाली ती क्लच पकडण्याची जागा. तिथे लिव्हर आणि हँडल यांच्यात किती अंतर आहे ते डोळ्यांनी बघा, मग डोळे समोर ठेवून तीच जागा हाताने शोधा. दहा वेळा.

मेन स्टँडवर गाडी लावून, इंजिन चालू करून ही जागा शोधायला सांगणारे बरेच भेटतील. तिथे फसगत होते. मागचं चाक अधांतरी असतं, त्यामुळे क्लच पूर्ण दाबला असतानाही ऑइलच्या चिकटपणाने ते फिरायला लागतं आणि खरी पकड कळतच नाही. शिवाय फिरत्या चेनजवळ बोट किंवा ओढणी जाण्याची भीती असते आणि गाडी स्टँडवरून उतरली तर सरळ पुढे पळते.

रेस न देता चालवणं

आता इंजिन चालू. जुनी कार्ब्युरेटरची गाडी सकाळी थंड असेल तर चोक देऊन मिनिट-दोन मिनिटं गरम होऊ द्या, नाहीतर ती तुमच्या चुकीशिवायच बंद पडत राहील. साइड स्टँड वर आहे ना ते बघा: अलीकडच्या बऱ्याच गाड्यांत स्टँड खाली असताना गिअर टाकून क्लच सोडला की इंजिन आपोआप बंद होतं.

लिव्हर पूर्ण दाबा, पहिला गिअर टाका. उजवा हात हँडलवर नुसता ठेवा, एक्सिलेटरला हात लावायचा नाही. मघाशी सापडलेल्या जागेच्या थोडं अलीकडे लिव्हर पटकन आणा, तिथून पुढे अगदी सावकाश. आधी इंजिनाचा आवाज किंचित खाली येईल, मग गाडी पुढे कलल्यासारखी वाटेल. तिथे थांबा. लगेच लिव्हर परत दाबा. गाडी हातभरही गेली नाही तरी चालेल. पकडायचं आणि सोडून द्यायचं, एवढंच वीस वेळा. कान इथे हातापेक्षा आधी शिकतो: आवाज उतरला म्हणजे पकड लागली.

त्यानंतर त्याच जागी दोन सेकंद थांबून गाडीला चालू द्या आणि पाय जमिनीला टेकवत तिच्याबरोबर चाला. सपाट जागेवर बहुतेक गाड्या रेस न देता माणसाच्या चालीने जातात. वेग आला की उरलेली लिव्हर पूर्ण सोडा आणि पाय फूटरेस्टवर घ्या. थांबताना क्लच दाबा आणि ब्रेक लावा. असे दहा-बारा फेरे झाले की एक गोष्ट लक्षात येते: गाडी चालवतो तो डावा हात, उजवा फक्त मदतीला असतो. पहिल्याच दिवशी एक्सिलेटरने गाडी पुढे काढायला शिकलेल्यांना ही समज यायला महिने लागतात.

हात दुखायला लागला की थांबा. अर्ध्या-पाऊण तासात कोपराखालचे स्नायू थकतात आणि थकलेली बोटं लिव्हर सोडत नाहीत, ती निसटते. सकाळी अर्धा तास आणि संध्याकाळी अर्धा तास हे सलग दोन तासांपेक्षा चांगलं.

आता रेस

१०० ते १२५ सीसीच्या गाड्यांत बहुतेक वेळा फेरे दाखवणारा काटा नसतो, तेव्हा कानानेच ठरवायचं. काटा असेल तर २००० ते २५०० च्या दरम्यान. आधी एक्सिलेटर एवढाच फिरवा की आवाज थोडा चढेल आणि तिथेच टिकेल. तो तसाच धरून ठेवा. मग डावा हात पकडीच्या जागी आणा, थांबा, गाडी भरभर चालणाऱ्या माणसाइतक्या वेगाला येऊ द्या, मग लिव्हर पूर्ण सोडा. दोन्ही हात एकदम हलवले की चूक कुठल्या हाताची हे कळत नाही, म्हणून शिकताना उजवा स्थिर आणि डावा हलता ठेवायचा. आवाज मरत चालला तर लिव्हर सोडणं थांबवा, हवं तर केसभर परत दाबा. घाबरून एक्सिलेटर पिळू नका. आवाज किंचाळत असेल आणि गाडी हलत नसेल तर रेस जास्त आहे.

उजव्या मनगटाकडे खास लक्ष द्या. मनगट वर उचललेलं असेल आणि गाडीने झटका दिला तर अंग मागे जातं, हात हँडलला लोंबकळतो आणि एक्सिलेटर आपोआप आणखी पिळला जातो. पुढचं चाक उचलून नवशिके भिंतीवर जातात ते असे. मनगट मुळातच खाली ठेवून मूठ धरली तर झटक्याने फार पिळता येत नाही. आणि काहीही बिनसलं तरी पहिली हालचाल एकच: डावी लिव्हर पूर्ण आत. इंजिन कितीही ओरडलं तरी क्लच दाबलेला असेल तर ते चाकाला जोर देऊ शकत नाही. त्याच क्षणी एक्सिलेटर बंद आणि ब्रेक.

गिअर बदलताना हाच क्लच वेगळा वागतो. वर जाताना एक्सिलेटर बंद, क्लच आत, गिअर, आणि मग लिव्हर बरीच पटकन सोडली तरी चालते, कारण चाक आधीच फिरत असतं. पहिल्यातून दुसऱ्यात साधारण १० ते १५ किमी वेगाला जा. खालचा गिअर टाकताना मात्र मधल्या टप्प्यात हात पुन्हा सावकाश. तिथे धाडकन सोडला तर मागचं चाक क्षणभर अडतं, आणि ओल्या रस्त्यावर घसरतं. न्यूट्रल थांबल्यावर शोधत बसण्यापेक्षा गाडी अगदी हळू सरकत असतानाच टाका, सहज पडतो.

चढावर

बेळगावात सपाट रस्त्यांवर फार दिवस लपता येत नाही. कपिलेश्वर उड्डाणपुलाच्या चढावर गाड्या थांबल्या की मागची रिक्षा हातभर अंतरावर असते. तिथे पहिल्यांदा शिकू नका. आधी एखाद्या गल्लीतल्या हलक्या चढावर, मागे कुणी नसताना सराव करा. क्रम असा:

१. उजवा पाय मागच्या ब्रेकवर, डावा जमिनीवर. पुढचा ब्रेक सोडलेला, म्हणजे उजवा हात एक्सिलेटरला मोकळा.
२. क्लच आत, पहिला गिअर, आणि सपाट रस्त्यापेक्षा थोडी जास्त रेस.
३. ब्रेक दाबलेला ठेवूनच लिव्हर पकडीच्या जागी आणा. इंजिनाचा आवाज जड होईल आणि गाडी ब्रेकविरुद्ध पुढे ओढायला लागेल.
४. ओढ जाणवली की लिव्हर तिथेच धरून ब्रेक हळूहळू सोडा. गाडी मागे न येता जागेवर उभी राहील किंवा पुढे निघेल.
५. दोन-तीन मीटर गेल्यावरच लिव्हर पूर्ण सोडा.

गाडी मागे आली तर ब्रेक दाबा, लिव्हर सोडू नका. घाबरून लिव्हर सोडली तर गाडी उडी मारते किंवा बंद पडते, आणि बंद पडली की तोलही जातो. आपले रस्ते कडेला उतरते असतात, त्यामुळे डावीकडे पाय टेकायला जमीन अपेक्षेपेक्षा खाली लागते. उंची कमी असेल तर थांबतानाच कडेपासून थोडं आत थांबा.

मागे माणूस, दुधाच्या कॅन किंवा उसाच्या वाड्याचा भारा असला तरी पकडीची जागा लिव्हरवर तीच राहते. बदलते ती वेळ: रेस थोडी जास्त आणि हाफ क्लचवर थांबणं एक-दोन सेकंद जास्त. ओझं घेऊन चढ चढायचा सराव येळ्ळूरच्या राजहंसगडाच्या रस्त्याने करू नका. तो चढ रिकाम्या गाडीनेही हात बसल्यावरच करावा.

गर्दी, उसाचे ट्रॅक्टर, घाट

गणपत गल्ली किंवा खडेबाजारात माणसाच्या चालीपेक्षा हळू जावं लागतं. तिथे पहिला गिअर, थोडीशी स्थिर रेस, लिव्हर पकडीच्या जागेभोवती मागेपुढे आणि मागच्या ब्रेकचा हलका दाब. ब्रेकमुळे गाडी ताणलेली राहते आणि डुलत नाही. लायसन्सच्या परीक्षेत आठच्या आकड्यात पाय न टेकवता फिरायला लागतं तेही याच जुळणीने. एक्सिलेटर कमीजास्त करून तो आकडा काढणारे हमखास पाय टेकवतात. नजर पुढच्या चाकावर नाही, जिथे वळायचं तिथे.

पण हाफ क्लच हे थोड्या वेळाचं काम आहे. टिळकवाडीतल्या रेल्वे फाटकावर रेल्वे जाईपर्यंत पहिला गिअर टाकून लिव्हर आवळून उभं राहण्यात हाताचा आणि वायरचा दोघांचा तोटा. न्यूट्रल करा. फाटक उघडायला लागलं की मगच गिअर टाका, आणि आजूबाजूचे एकदम सुटले तरी तुम्ही तुमच्या दोन सेकंदांनी निघा.

कारखान्यांचा हंगाम सुरू झाला की निपाणी, चिकोडी, संकेश्वर भागात उसाचे दोन-दोन ट्रेलर जोडलेले ट्रॅक्टर चढावर रांगत असतात. त्यांच्या मागे हाफ क्लचवर तरंगत राहिलं की थोड्याच वेळात जळका वास येतो; ऑइल गरम होतं, प्लेटा चकाकतात आणि पकड घसरायला लागते. अंतर जास्त ठेवा, पहिल्या गिअरमध्ये क्लच पूर्ण सोडून चला आणि अगदीच जवळ आलात तर थांबून परत निघा. ट्रेलरच्या अगदी मागे तसंही राहू नये, ऊस पडतो.

उताराला उलटी चूक होते. चोर्ल्यातून गोव्याकडे उतरताना पेट्रोल वाचेल म्हणून क्लच दाबून किंवा न्यूट्रलमध्ये गाडी सोडणारे खूप. इंजिनाचा रोध गेला की सगळा भार ब्रेकवर येतो, ब्रेक तापतात आणि त्यांची पकड कमी होते. पावसाळ्यात धुक्यात तर हे जिवावरचं आहे. दुसरा-तिसरा गिअर ठेवा, क्लचला हात नको.

हात बिघडलाय की क्लच

काही आठवड्यांनी हात बसला तरी गाडी नीट वागत नसेल तर तपासा. वरच्या गिअरमध्ये रेस दिली की आवाज चढतो पण वेग वाढत नाही, चढावर विशेष, याचा अर्थ क्लच घसरतोय. आधी ढिलाई बघा, मग ऑइल. मोटारसायकलसाठीच बनवलेलं, डब्यावर जासो एमए किंवा एमए२ लिहिलेलं आणि पुस्तिकेत दिलेल्या ग्रेडचं ऑइलच वापरा. कारचं उरलेलं ऑइल ओतण्याची काटकसर क्लचला महाग पडते, कारण त्यातल्या कित्येकांत घर्षण कमी करणारी द्रव्यं असतात आणि हा क्लच चालतो तो घर्षणावरच. हे दोन्ही ठीक असूनही घसरत असेल तर प्लेटा झिजल्या. लिव्हरवर सतत बोटं टेकवून चालवण्याची सवय असेल तर नव्या प्लेटाही लवकर जातील.

लिव्हर जड झाली, सोडल्यावर परत यायला कुरकुरते किंवा पकडीची जागा रोज बदलते, तर वायरकडे बघा. आपल्या पावसात पाणी वरच्या टोकातून आत उतरतं आणि आत गंज धरतो. पावसाळ्याआधी आणि नंतर वायर लिव्हरपासून काढून तिच्या टोकातून पातळ ऑइल सोडा, खालून बाहेर येईपर्यंत. लिव्हरच्या खाचेत बसणाऱ्या गोळ्याजवळ वायरचा एखादा तंतू तुटलेला दिसला तर ती त्याच आठवड्यात बदला. इंजिन चालू ठेवून न्यूट्रलमध्ये हँडल दोन्ही बाजूंना पूर्ण वळवा. आवाज चढला तर कुठली तरी वायर ताणली जातेय आणि वळणावर ती तुमच्या हाताऐवजी गाडी चालवेल. लांब घाटाला जाणारे नवी क्लच वायर जुन्या वायरीच्या शेजारून ओवून, टेप लावून तयार ठेवतात. कणकुंबीच्या पुढे वायर तुटली तर दोन टोकं बदलली की दहा मिनिटांत गाडी पुन्हा रस्त्यावर येते.